माणसं घटली, वाड्या तेवढ्याच: रत्नागिरी जिल्ह्याचं प्रकरण

२००१च्या जनगणनेत रत्नागिरी जिल्ह्याची लोकसंख्या १६,९६,७७७ होती. २०११मध्ये ती १६,१५,०६९ भरली. दहा वर्षांत ८१,७०८ माणसं कमी झाली, म्हणजे ४.८२ टक्के घट. त्याच दशकात महाराष्ट्राची लोकसंख्या जवळजवळ १६ टक्क्यांनी वाढून ११ कोटी २३ लाखांच्या पुढे गेली. शेजारच्या सिंधुदुर्गातही आकडा खाली आला, ८,६८,८२५वरून ८,४९,६५१वर. त्या दशकात लोकसंख्या उतरलेले राज्यात तीनच जिल्हे होते: रत्नागिरी, सिंधुदुर्ग आणि मुंबई शहर.

घटीचं कारण कोकणात कोणालाही विचारा, एका शब्दात सांगतील: मुंबई. ते खरंच आहे आणि त्यावर लिहूनही बरंच झालं आहे. त्यामानाने एका गोष्टीकडे दुर्लक्ष झालं आहे, म्हणून हे प्रकरण इथे मांडतो आहे. आपल्या ग्रामीण कारभाराची जवळजवळ सगळी गणितं डोक्यांवर बसवलेली आहेत. पंचायतीत सदस्य किती, शाळेत शिक्षक किती, आरोग्य उपकेंद्र कुठे, निधी किती, आमदार किती, सगळं लोकसंख्येवर ठरतं. जिल्हा वाढत असतो तोवर हे निभावतं. जिल्हा आक्रसायला लागला की तीच गणितं उलटी फिरतात आणि मागे राहिलेल्या माणसाच्या वाट्याला कमी कारभार येतो. त्याची गरज मात्र तसूभरही कमी झालेली नसते.

आधी घट कशी झाली ते पाहू, कारण तिचं स्वरूप कळल्याशिवाय पुढचं समजत नाही.

रत्नागिरीचा माणूस मुंबईला जातो आहे त्याला शतक उलटून गेलं. गिरण्या, गोदी, पोलीस, घरकाम, नंतर कचेऱ्या. पण जुनी रीत अशी होती की पुरुष जायचा आणि घर गावात राहायचं. बायको, म्हातारे आईवडील, मुलं, गुरं, भाताचा तुकडा, सगळं इथेच. तो महिन्याला मनीऑर्डर पाठवायचा आणि गणपतीला, शिमग्याला, मे महिन्यात यायचा. जनगणनेत हे स्वच्छ दिसतं. २०११मध्ये राज्यात दर हजार पुरुषांमागे ९२९ स्त्रिया होत्या, रत्नागिरीत ११२२. हा आकडा वाचून जिल्ह्याची पाठ थोपटणारे लेख मी पाहिले आहेत. त्या आकड्यात स्त्रियांच्या स्थितीबद्दल फारसं काही सांगितलेलं नाही. कमावते पुरुष इथे राहत नाहीत, एवढंच तो आकडा सांगतो.

त्याहून बोलका आहे तो त्या आकड्यातला उतार. २००१मध्ये रत्नागिरीत हेच प्रमाण ११३६ होतं. सिंधुदुर्गात १०७९ होतं ते दहा वर्षांत १०३६वर आलं. लोकसंख्या घटते आहे आणि त्याच वेळी स्त्रियांचं जास्तीचं प्रमाणही उतरतं आहे. मी याचा अर्थ असा लावतो की आता एकटा पुरुष जात नाही, अख्खं कुटुंब जातं. १९८२च्या संपानंतर गिरणगाव मोडलं, चाळीतली खोली सुटली आणि माणसं डोंबिवली, दिवा, नालासोपारा, विरारकडे सरकली. मुंबई शहर जिल्हा त्या दशकात साडेसात टक्क्यांनी घटला आणि अविभाजित ठाणे जिल्हा ३६ टक्क्यांनी वाढून १ कोटी १० लाखांवर गेला, तो काही केवळ योगायोग नव्हे. उपनगरात स्वतःचा ब्लॉक झाला की बायकोमुलं तिकडे जातात. गावातल्या घराला कुलूप लागतं. १९९८पासून कोकण रेल्वे पूर्ण सुरू झाल्यावर गावी येणं सोपं झालं, पण येणं सोपं झालं म्हणून राहणं वाढलं नाही.

जिल्हा रिकामा झालेला नाही, हेही इथेच सांगायला हवं. तो वर्षभर वेगवेगळ्या मापाचा असतो. गणपतीत वाडीतल्या प्रत्येक घरात दिवा असतो, शिमग्याला पालखीमागे माणूस मावत नाही, मे महिन्यात पडव्या भरून माणसं झोपतात. आणि आपली जनगणना कधी होते? २०११ची गणना ९ ते २८ फेब्रुवारीत झाली. त्या काळात जो जिथे राहत होता तिथे तो मोजला गेला. त्या वर्षी होळी १९ मार्चला होती. गणनेचं काम आटोपलं आणि तीन आठवड्यांत गावं भरली. नियमाप्रमाणे यात काही चूक नाही, संपूर्ण देशाला एकच तारीख लागते. पण या जिल्ह्यापुरतं बोलायचं तर आपण वर्षातला सगळ्यात ओसाड महिना मोजतो आणि त्या आकड्यावर कारभार बेततो. २०२१ची गणना झालीच नाही, त्यामुळे फेब्रुवारी २०११चा तो आकडा दीड दशक नियोजनाला पुरवला गेला. पुढच्या गणनेची संदर्भ तारीख १ मार्च २०२७ आहे, म्हणजे पुन्हा फेब्रुवारीच.

आता गावाची रचना. घाटावरचं गाव डोळ्यांसमोर ठेवून वाचणाऱ्याचा इथे घोटाळा होतो. देशावर गाव म्हणजे एकगठ्ठा वस्ती, सभोवती शेतं. कोकणात गाव म्हणजे वाड्यांचा विखुरलेला समूह. एक वाडी सड्यावर, म्हणजे जांभ्या दगडाच्या पठारावर, दुसरी वहाळापलीकडे, म्हणजे ओढ्यापलीकडे, तिसरी डोंगराच्या कुशीत. मधे पाखाड्या (चढणीच्या पायवाटा), साकव (ओढ्यावरचे छोटे पूल), चढउतार. महसुली नकाशावर गाव एकच असतं, पण पावसाळ्यात एका वाडीतून दुसऱ्या वाडीत जायला वळसा पडतो. रत्नागिरीचं क्षेत्रफळ ८,२०८ चौरस किलोमीटर, तालुके नऊ, ग्रामपंचायती साडेआठशेच्या आसपास. २०११ची घनता चौरस किलोमीटरला १९७ माणसं. बऱ्याच ठिकाणी दोन-तीन महसुली गावं मिळून एक गट ग्रामपंचायत आहे.

समजा, अशी एक गट ग्रामपंचायत आहे. गावं तीन, वाड्या अकरा, लोकसंख्या १,४००. हे उदाहरण काल्पनिक आहे, पण कोकणात ज्याने काम केलं आहे त्याला ते ओळखीचं वाटेल. ग्रामपंचायत अधिनियमाखालच्या तक्त्यानुसार १,५००पर्यंत लोकसंख्येला सदस्य सात. लोकसंख्या ३,०००च्या पुढे असती तर अकरा मिळाले असते. म्हणजे अकरा वाड्यांना सात सदस्य, प्रभाग करताना दोन-तीन वाड्या एकत्र बांधायच्या आणि काही वाड्यांचा स्वतःचा माणूस पंचायतीत कधीच नाही. ग्रामसेवकाकडे बहुधा आणखी एखाद्या पंचायतीचा पदभार. तलाठ्याच्या सजात, म्हणजे कार्यक्षेत्रात, आणखी गावं. आशा सेविका साधारण हजार लोकसंख्येमागे एक, त्यामुळे अकरा वाड्या चालून पालथ्या घालायच्या त्या एकीने किंवा फार तर दोघींनी. त्यांना मानधन मिळतं, चढाचा भत्ता नाही.

आरोग्याचं मी लवकर आटोपतो, कारण तिथे निदान नियमात भूगोलाची जाणीव आहे. सपाट भागात ३०,००० लोकसंख्येमागे प्राथमिक आरोग्य केंद्र, डोंगरी आणि आदिवासी भागात २०,०००मागे. उपकेंद्रासाठी ५,००० आणि ३,०००. मापदंड उतरवलेला आहे, तत्त्व मान्य आहे. अडचण आहे ती आक्रसत्या गावात म्हाताऱ्यांचं प्रमाण वाढतं त्याची. ३,००० माणसांत साठीपुढचे किती हे हा नियम विचारत नाही, आणि रक्तदाबाच्या गोळीसाठी दर महिन्याला पाखाडी उतरणारी माणसं हीच असतात.

शाळेचं मात्र सविस्तर सांगायला हवं. शिक्षण हक्क कायद्याने पहिली ते पाचवीसाठी घरापासून एक किलोमीटरच्या आत शाळा आणि ६० मुलांपर्यंत दोन शिक्षक सांगितले. त्या आधीपासूनच कोकणात वाडीवाडीवर जिल्हा परिषदेच्या शाळा होत्या. काहींची इमारत गावच्या मुंबई मंडळाच्या वर्गणीतून उभी राहिलेली, भिंतीवर देणगीदारांच्या नावांची पाटी. मुलं घटली तशी पटसंख्या वीसच्या, मग दहाच्या खाली आली. डिसेंबर २०१७मध्ये राज्य सरकारने दहापेक्षा कमी पटाच्या १,३१४ शाळा जवळच्या शाळेत मिसळायचं ठरवलं, तेव्हा कोकणात मोठी अस्वस्थता पसरली. पुढे २०२३मध्ये वीसपेक्षा कमी पटाच्या शाळांसाठी समूह शाळांचा विचार पुढे आला. दरवर्षीची संचमान्यता, म्हणजे पटावरून शिक्षकांची पदं ठरवणं, तर टांगत्या तलवारीसारखी असतेच.

सरकारची बाजूही पोकळ नाही. चार वर्गांत मिळून सहा मुलं, त्यातलं एक तिसरीत एकटंच, त्याला स्पर्धा नाही, सोबत नाही, संघ पाडून खेळायला मुलं नाहीत. अशा शाळेत शिकणं म्हणजे काही आदर्श स्थिती नाही, आणि एखादी चांगली चालणारी मोठी शाळा खरोखर आठशे मीटरवर असेल, वाहनाची सोय असेल, तर मिसळण्याला विरोध करण्यात मला अर्थ दिसत नाही. पण अंतर मोजतात कसं, हा प्रश्न आहे. नकाशावरचा एक किलोमीटर आणि जुलैत वहाळाला पाणी आल्यावर सहा वर्षांच्या पोरीने चालायचा एक किलोमीटर, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. साकव वाहून गेला की ती शाळा तिच्यासाठी चार महिने बंद. आणि शाळा गेली की काय होतं हे कोकणात सगळे जाणतात: गावात टिकून राहिलेलं जे एखाददुसरं तरुण जोडपं असतं, तेही मुलासाठी तालुक्याच्या गावी खोली घेतं. पुढच्या वर्षी पट आणखी कमी. आधी शाळा रिकामी झाली म्हणून बंद केली, मग बंद केली म्हणून वाडी रिकामी झाली. हे चक्र एकदा फिरायला लागलं की कुठलीच आकडेवारी त्यात शासनाचा वाटा दाखवत नाही, कारण कागदावर प्रत्येक वेळी घट आधी आणि निर्णय नंतर असतो.

निधीचं गणित अधिक उघड आहे. १५व्या वित्त आयोगाच्या अनुदानातला ८० टक्के वाटा महाराष्ट्रात ग्रामपंचायतींकडे गेला, प्रत्येकी १० टक्के पंचायत समिती आणि जिल्हा परिषदेकडे. पंचायतींमध्ये तो वाटताना ९० टक्के भार लोकसंख्येला, १० टक्के क्षेत्रफळाला. दोन पंचायती घ्या. पहिलीत ३,००० माणसं, ६०० हेक्टर. दुसरीत निम्मी माणसं, पण क्षेत्र तिप्पट, १,८०० हेक्टर. दोघींत १०० रुपये वाटायचे तर पहिलीला साडेबासष्ट, दुसरीला साडेसदतीस. दुसरीला दिवाबत्तीचे खांब जास्त, पाण्याच्या पाइपची लांबी जास्त, पाखाड्या आणि साकव जास्त. गटार आणि रस्ता माणसामागे लागत नाही, लांबीमागे लागतो. क्षेत्रफळाला दिलेला दहा टक्के भार म्हणजे हे तत्त्व कबूल करून त्याची किंमत न मोजणं.

स्वतःचं उत्पन्न म्हणाल तर घरपट्टी. इथे कोकणातल्या पंचायतींना एक आधार आहे: बंद घराचीही घरपट्टी लागू असते, आणि चाकरमानी गावच्या घराबद्दल हळवा असतो. गणपतीत तो आला की ग्रामसेवक पावती पुस्तक घेऊन फिरतात. वसुली होते. म्हणजे हा माणूस पंचायतीचा करदाता आहे. त्याचं नाव बऱ्याचदा गावच्या मतदार यादीतही असतं आणि मतदानाला गाडी करून वाडीच्या वाडी येते. ग्रामसभेची गणपूर्ती एकूण मतदारांच्या १५ टक्के किंवा १०० यांतली जी संख्या कमी असेल ती, त्या हिशेबातही तो आहे. फक्त अनुदान, शाळा आणि पाणी यांच्या हिशेबात तो नाही. एकच माणूस तीन नोंदवह्यांत आहे आणि चौथीत नाही, आणि पैसे चौथी वही बघून मिळतात.

पाण्याइतकं हे कुठेच टोचत नाही. रत्नागिरीत वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो आणि मे महिन्यात वाड्यांवर टँकर येतो. जांभ्यातून पाणी झिरपून निघून जातं, विहिरी मार्चपासून तळ दाखवू लागतात. जल जीवन मिशनचं माप माणशी दिवसाला ५५ लिटर. आपल्या १,४०० वस्तीच्या पंचायतीला त्या हिशेबाने ७७,००० लिटर पुरतात. मे महिन्यात आणखी सातशे माणसं आली तर गरज १,१५,५०० लिटरवर जाते, आणि ती नेमकी झरे सगळ्यात आटलेले असताना. योजना फेब्रुवारीतल्या डोक्यांवर आखली तर ती मेमध्ये अपुरी पडणार. मग वाडीत भांडणं होतात, मुंबईवाल्यांनी पाणी संपवलं असं गाववाले म्हणतात, आम्ही वर्गणी दिली असं मुंबईवाले म्हणतात. दोघांचंही म्हणणं खरं असतं. भांडणाचं मूळ अंदाजपत्रकातल्या एका रकान्यात आहे, हे कोणाच्या लक्षात येत नाही.

प्रतिनिधित्वाचं काय? २००८च्या पुनर्रचनेत रत्नागिरी जिल्ह्याचे विधानसभा मतदारसंघ सातांवरून पाच झाले. खेड आणि संगमेश्वर गेले. लोकसभेचे रत्नागिरी आणि राजापूर हे वेगळे मतदारसंघ संपून रत्नागिरी-सिंधुदुर्ग एक झाला, आणि दापोली, गुहागर रायगडला जोडले गेले. ज्या राजापूरने नाथ पै आणि मधु दंडवते यांना संसदेत पाठवलं तो मतदारसंघ नकाशावरून गेल्याची हळहळ जुन्या मंडळींना आजही वाटते. ती मला समजते, पण इथे माझं मत वेगळं आहे. मताचं मोल सारखं असायला हवं. नालासोपाऱ्यात दाटीवाटीने राहणाऱ्या माणसाचं मत रत्नागिरीतल्या माणसाच्या मतापेक्षा हलकं का असावं? त्यातले कित्येक जण तर इथलेच आहेत. जागा लोकसंख्येमागे जाव्यात, हे न्याय्यच आहे. प्रतिनिधी माणसांचा असतो. नळ, रस्ता, शाळा, दवाखाना यांना मात्र अंतर आणि चढ लागू होतात. या दोन गोष्टी एकाच आकड्याने मोजण्यात सगळी गल्लत आहे. शिवाय आमदार सातांचे पाच झाले की प्रत्येकाचा मतदारसंघ पसरतो, आणि सभागृहात ही गल्लत बोलून दाखवणारे आवाज कमी होतात. म्हणून तर निकष बदलण्याची निकड जास्त.

अंतर हा निकष आपल्या राज्याला अनोळखी आहे असंही नाही. १ मे १९८१ला रत्नागिरीतून सिंधुदुर्ग वेगळा काढला तेव्हा नव्या जिल्ह्याची लोकसंख्या आठ लाखांच्या आत होती. डोकी मोजली असती तर तो जिल्हा झालाच नसता. सावंतवाडीच्या माणसाला जिल्ह्याच्या कामासाठी दोनशे किलोमीटरच्या आसपास प्रवास करून रत्नागिरी गाठावी लागे, म्हणून तो झाला. आणि त्या छोट्या जिल्ह्याने पुढे काय केलं? २०१६च्या ग्रामीण स्वच्छ सर्वेक्षणात देशातल्या सपाट प्रदेशातल्या जिल्ह्यांत पहिला क्रमांक मिळवला. थोडी माणसं आणि जवळचं प्रशासन असलं की काम होतं, याचा तो चांगला दाखला आहे. त्याच बातमीत दुसरी एक गोष्ट दडली आहे. आंबोली, फोंडा, भुईबावडा असे घाट ज्याच्या कडेला आहेत तो जिल्हा त्या सर्वेक्षणात सपाट गटात बसवला गेला. राज्याच्या डोंगरी विकास कार्यक्रमात मात्र याच कोकणातले तालुके आहेत. डोंगर कुठे धरायचा आणि कुठे नाही, हे योजनेगणिक बदलतं.

तेव्हा करता काय येईल? नवा कायदा लागेल असं फार थोडं आहे. पंचायत निधी वाटताना क्षेत्रफळाचा भार वाढवता येईल, आणि त्याहून बरं म्हणजे वाड्यांची संख्या हा तिसरा घटक धरता येईल. ती संख्या पाणीपुरवठा विभागाकडे वस्तीनिहाय असतेच. शाळा मिसळण्याचा निर्णय पटावर घेताना पावसाळ्यातली चालण्याची वाट स्थानिक शिक्षक आणि पोलीस पाटील यांच्याकडून लेखी घेता येईल. साकव झाल्याशिवाय शाळा हलणार नाही, एवढी एक अट घातली तरी निम्मे वाद मिटतील. पाणी योजनेचं अंदाजपत्रक मे महिन्याच्या वस्तीवर करायला तांत्रिक अडचण कसलीच नाही, साठवण टाकीचं माप बदलायचं आहे.

या सगळ्याला आकडा लागेल आणि तो दिल्लीहून येणार नाही. ग्रामपंचायतींनी तो स्वतः काढावा. घरपट्टीच्या नोंदवहीत प्रत्येक घर आहेच. त्यापुढे तीन रकाने वाढवायचे: फेब्रुवारीत राहती माणसं, मेमध्ये राहती माणसं, गणपतीत राहती माणसं. घर बंद असेल तर तसं लिहायचं, किती वर्षं बंद तेही. आशा आणि अंगणवाडी सेविका घरोघर जातातच, पण त्यांच्यावर हे आणखी एक फुकटचं काम टाकू नये, त्याचे पैसे द्यावेत. १ मेची ग्रामसभा कोकणात सगळ्यात भरलेली असते, चाकरमानी गावातच असतात. त्या सभेत हे रकाने मोठ्याने वाचून दुरुस्त करून घ्यायचे, ठराव करायचा आणि पंचायत विकास आराखड्याला जोडून तो पंचायत समितीकडे पाठवायचा. एका पंचायतीचा ठराव फाइलमध्ये राहील. एका तालुक्यातल्या सगळ्या पंचायतींचे ठराव एकाच नमुन्यात गेले तर गटविकास अधिकाऱ्याला ते जिल्हा परिषदेसमोर ठेवावे लागतील. मंडणगडसारख्या साठ हजारांच्या घरातल्या लहान तालुक्यापासून सुरुवात केली तर एका मे महिन्यात हे काम पुरं होण्यासारखं आहे.